अनुभव धागा: निराशेच्या कादंबऱ्या तुमच्याकडे कधी आल्या, आणि आल्यावर काय झालं?

धागाकर्ता, गंगापूर रोड

आमच्या वाचनगटात परवा चांगलाच वाद झाला. पुढच्या वेळी काय वाचायचं हे ठरत होतं. मी टॉलस्टॉयची 'अ‍ॅना कॅरेनिना' म्हटलं, तर एक काकू उसळल्याच. "पुरे झाली ही मरणाची पुस्तकं. घरोघरी पोरं आधीच गप्प गप्प असतात." त्यांचं म्हणणं उडवून लावता येईना आणि पटेनाही, म्हणून हा धागा काढतोय. आत्महत्या, निराशा, 'कशासाठी जगायचं' हा प्रश्न पोटात घेऊन येणारी कुठली कादंबरी तुमच्या हातात पडली आणि तिने तुमचं काय केलं, ते लिहा. रसग्रहण नको, ते ढिगाने मिळतं.

एक पथ्य पाळा. कुणी आयुष्य कसं संपवलं याचे तपशील नकोत, कादंबरीतलेसुद्धा नकोत. आणि वाचता वाचता कुणाला स्वतःचीच धास्ती वाटली, तर टेली-मानस या सरकारी मानसिक मदतवाहिनीचा १४४१६ हा नंबर फुकट आहे, चोवीस तास चालू असतो, मराठीत बोलता येतं.

सुरुवात माझ्यापासून. अ‍ॅनाचं काय होतं हे न वाचलेल्यांनाही ठाऊक असतं. पण तिच्यानंतर आख्खा आठवा भाग आहे आणि तो लेव्हिनचा आहे. बायको मनासारखी, मुलगा झालेला, शेती बरी चाललेली, आणि हा माणूस आतून इतका पोखरलेला की त्याला स्वतःचा भरवसा वाटत नाही. मी वाचलं तेव्हा सातपूरला कायम झालो होतो, फ्लॅटचा ताबा मिळाला होता, मुलगी रांगायला लागली होती, आणि मला सकाळी अंथरुणातून उठवत नव्हतं. बोलायची सोय नव्हती. 'तुला काय कमी आहे?' हे उत्तर तयारच होतं. लेव्हिनलाही काही कमी नव्हतं.

त्याला एका शेतकऱ्याच्या साध्या बोलण्यातून वाट दिसते. मला तशी दिसली नाही, मला गोळ्या लागल्या. पण डॉक्टरांकडे जायला तोंड उघडलं ते लेव्हिनमुळे. काकूंसाठी एक गंमत: ही कादंबरी ज्या मासिकात क्रमशः येत होती, त्याच्या संपादकाने आठवा भाग छापायला नकार दिला. कारण राजकीय होतं, युद्धाबद्दलच्या मतांचं. टॉलस्टॉयने १८७७ मध्ये तो स्वतः वेगळा छापला. म्हणजे निव्वळ मरणाशी संपणारी 'अ‍ॅना' मिळाली ती मासिकाच्या वाचकांना.

बागायतदार, निफाड तालुका

दादा, आमच्याकडं असल्या पुस्तकाला वेगळा वास येतो. ज्या साली गारपिटीनं बाग गेली, तोडणी तोंडावर होती. घड जागेवरच फुटले. दोनतीन दिवसांत सगळ्या बागेला आंबूस वास सुटला, माश्यांचं मोहोळ उठलं, आत पाय घालवंना. व्यापाऱ्यानं फोन घेणं बंद केलं. सोसायटीचं कर्ज, औषधाच्या दुकानाची उधारी, आणि घरात रोज भांडण. त्यात मेव्हण्यानं सदानंद देशमुखांची 'बारोमास' आणून दिली. म्हटलं, याला काय अक्कल आहे का? जखमेवर मीठ.

'बारोमास' बुलढाण्याकडची. शिकून नोकरी न लागलेला एकनाथ शेतीत अडकलेला. तिला साहित्य अकादमी मिळालं २००४ साली, ते मला नंतर कळलं. मला धरून ठेवलं ते घरातल्या भांडणांनी. नवरा-बायको, सासू-सून, भाऊ-भाऊ, सारखी कुरबुर. वाचताना ध्यानात आलं, आपल्याकडं 'मला जगणं नको झालंय' असं कुणी म्हणत नाही. माणूस भाजीत मीठ कमी पडलं म्हणून ताट ढकलतो. मी पण तेच करत होतो.

मग रात्री बायकोला थोडं थोडं वाचून दाखवायला लागलो. एकनाथची अलका तिला अजिबात आवडली नाही. त्यावरून आमचं पुन्हा भांडण झालं, पण ते पुस्तकावरून! बरं वाटलं. कर्ज काही पुस्तकानं फिटत नाही, हे पण लिहून ठेवतो. त्याला पुढची दोन पिकं लागली.

हॉस्टेलवाली

'द बेल जार'. सिल्व्हिया प्लाथ. मैत्रिणीने दिली तेव्हा बजावलं होतं, परीक्षेच्या तोंडावर वाचू नकोस. अर्थात तेव्हाच वाचली.

सगळेजण प्लाथच्या स्वतःच्या शेवटाबद्दलच बोलतात. कादंबरी १९६३ च्या जानेवारीत टोपणनावाने आली आणि पुढच्याच महिन्यात प्लाथ गेली, हे खरं आहे. पण कादंबरी तिथे जात नाही ना! नायिका एस्थर शेवटी डॉक्टरांच्या बैठकीच्या खोलीत पाऊल टाकते, घरी सोडायचं की नाही हे ठरणार असतं, आणि तिथे पुस्तक थांबतं. मला सगळ्यात उपयोगी पडला तो उपचारांचा भाग. पहिला डॉक्टर तिला नीट काही न सांगता, निष्काळजीपणे विजेचे झटके देतो आणि ती आणखी घाबरते. पुढे डॉ. नोलन भेटतात. उपचार तोच, पण त्या तिच्याशी खोटं बोलत नाहीत, शेजारी थांबतात.

मीही एकदा एका समुपदेशकाकडे जाऊन आले होते. त्यांनी घड्याळाकडे बघत 'योगा कर' सांगितलं होतं. मी ठरवून टाकलं होतं की हे सगळं थोतांड आहे. एस्थरमुळे वाटलं, माणूस बदलून बघू. दुसऱ्या मॅडम चांगल्या निघाल्या. एवढंच.

सिडकोतला खान्देशी

'कोसला', दुसरं काय! नेमाड्यांची कादंबरीही १९६३ चीच, वरच्या ताई. पुण्यात शिकायला होतो तेव्हा आम्ही सगळेच पांडुरंग सांगवीकर होतो. उदाहरणार्थ मेसचं बिल थकवायचं आणि त्यालाच तत्त्वज्ञान म्हणायचं. हसून हसून वाचली. मनी जाते ती पानं तेव्हा भरभर उलटली.

आता मुलगी तेवढी झालीय. मागच्या दिवाळीत पुन्हा काढली आणि मनीच्या पानांपाशी थांबलो ते थांबलोच. देवीच्या साथीत लहान बहीण जाते आणि हा टवाळ पोरगा देवाधर्मापासून घरातल्या माणसांपर्यंत कुणालाच सोडत नाही. सांत्वनाचं एक वाक्य नाही त्यात. म्हणूनच खरं वाटतं.

पंचवटी

मला हा धागा आवडलेला नाही, तरी लिहिते. माझा भाऊ गेला. कसा ते सांगणार नाही, आणि विचारू नका असं वरच लिहिलंय ते बरं केलंत.

या कादंबऱ्यांमध्ये जाणाऱ्याला केवढी सुंदर भाषा दिलेली असते. आणि मागे राहिलेले? रडतात, दोन पानांत आटपतात. त्याच्या गाडीचे हप्ते कोण भरतं, आई त्याचा डबा घासून का ठेवते, नातेवाईक लग्नपत्रिकेवर त्याचं नाव घालायचं की नाही म्हणून कुजबुजतात, हे कुणी लिहीत नाही. माझ्यापुरती एकच चालली, मुराकामीची 'नॉर्वेजियन वुड'. त्यात किझुकी सतराव्या वर्षी जातो, चिठ्ठी नाही, कारण नाही, आणि मग सगळं पुस्तक मागे राहिलेल्यांचं. त्याच्या मित्राला, वातानाबेला कळत नाही की आता हसायचं कसं. पण किझुकीच्या मैत्रिणीचा, नाओकोचा भाग मला सोसला नाही. अर्ध्यात ठेवली, अजून तशीच आहे. पुढे वाचा, छान आहे, असं कृपया कुणी सांगू नका.

समुपदेशन शिकतेय

ताई, नाही सांगत.

पुस्तकाने माणूस मरतो का, हा वाद गटेच्या 'वेर्थर'पासूनचा आहे. प्रेमात निराश होऊन जीव देणाऱ्या तरुणाची ती कादंबरी, १७७४ ची. लाइपझिगमध्ये १७७५ ला पुस्तकावर बंदी आली, वेर्थरसारखा निळा कोट आणि पिवळं जाकीट घालण्यावरही. आत्महत्येची बातमी गाजली की तशा घटना वाढतात, याला समाजशास्त्रज्ञ डेव्हिड फिलिप्सने १९७४ मध्ये 'वेर्थर परिणाम' हे नाव दिलं, पण त्याने तपासल्या होत्या वर्तमानपत्रातल्या बातम्या, कादंबऱ्या नव्हेत. २०१० मध्ये ऑस्ट्रियातल्या अभ्यासकांनी उलट बाजूही मांडली: संकटातून माणूस कसा बाहेर आला हे छापून आलं तर त्याचा आधार होऊ शकतो. त्याला 'पापागेनो परिणाम' म्हणतात. त्यामुळे काकूंची काळजी अगदीच बिनबुडाची नाही. फरक पडतो तो कसं लिहिलंय याने. आणि गटे स्वतः ८२ वर्षं जगला, हे वर्गात कुणी सांगितलं की सगळे हसतात.

द्वारका

हेसेचा 'सिद्धार्थ' कुणी कसा लिहिला नाही? जगणं नको झालेला तो नदीकाठी येतो, तो प्रसंग. मी गंगेवर बसून वाचला होता.

सिडकोतला खान्देशी

फार गोड आहे हो तो. लगेच ओंकार ऐकू येतो.

द्वारका

लगेच कुठे! त्याआधी निम्मं आयुष्य गेलेलं असतं. आणि नंतर मुलगा सोडून जातो ते विसरलात.

निवृत्त, नाशिकरोड

मी उभी नोकरी आवक-जावकच्या टेबलावर काढली. त्यामुळे मला कामूच्या 'प्लेग'मधला डॉक्टर रिय नव्हे, ग्रँड आवडतो. नगरपालिकेतला कारकून. संध्याकाळी घरी जाऊन कादंबरी लिहितो, म्हणजे तिचं पहिलं वाक्य लिहितो. घोड्यावरून जाणाऱ्या बाईचं. तेच पुन्हा पुन्हा, विशेषण बदलून. आजारी पडल्यावर सगळे कागद जाळायला लावतो आणि बरा झाल्यावर परत तेच वाक्य.

पण आपल्या विषयाचा भाग वेगळा आहे. ग्रँडचा शेजारी कोतार जीव द्यायला निघतो. ग्रँड वेळेवर पोचतो, डॉक्टरला बोलावतो, रात्री सोबत थांबायला तयार होतो. का, असं विचारलं तर त्याचं म्हणणं साधारण इतकंच, की शेजाऱ्याला मदत करायला नको का? एवढ्या मोठ्या तत्त्वज्ञ लेखकाने हे काम कारकुनाला दिलं. बरं, वाचलेला कोतार पुढे चांगला निघतो असंही नाही. साथीत काळाबाजार करतो आणि साथ संपल्यावर पार बिथरतो. म्हणून ग्रँडचं काही चुकलं का? मला नाही वाटत.

धागाकर्ता

काका, पुढच्या बैठकीला 'प्लेग'च घेऊ या का? काकूंनाही मान्य आहे. अट एकच, पंचवटीच्या ताई येणार असतील तर चर्चा कोतारवर कमी आणि ग्रँडवर जास्त.

पंचवटी

येईन. पुस्तक माझ्याकडे नाही.

निवृत्त, नाशिकरोड

माझी प्रत घेऊन जा. इंग्रजी आहे, पेन्सिलीच्या खुणा भरपूर आहेत, आणि बाइंडिंग सुटलंय, पानं क्रमाने लावून घ्यावी लागतील.