मदत हवी: काळ्या जमिनीत गझानिया बुडातून कुजतोय, वाचवायचा कसा?

नमस्कार मंडळी,

आम्ही चोपड्याचे. अंगणाच्या कडेला गझानियाचा वाफा केलाय, जमीन कापसाची, काळीभोर. दिवाळीनंतर रोपं लावली, जानेवारीत फुलं सुरू झाली. केशरी पाकळ्या, बुडाशी काळपट कडं. ऊन आलं की उमलतात, संध्याकाळी मिटतात. आभाळ असलं तर दिवसभर मिटलेलीच. झाडाची सवयच ती, त्याची काळजी नाही.

काळजी वेगळीच आहे. काही रोपांनी मधूनच माना टाकल्यात. दुपारी कोमेजलेलं रोप रात्रीही सावरत नाही. एक जरा ओढलं तर अख्खा झुपका हातात आला. बूड तपकिरी, मऊ, कुबट वासाचं. हुमणी, वाळवी काही दिसली नाही. वाफा वरून भेगाळलेला, पण बोटभर उकरलं की चिकट ओल. पाणी गुलाबांच्याच ठिबकवर आहे.

फुलं चालू असताना चांगली रोपं हलवली तर चालेल का? आणि मे महिन्यात आपल्याकडे पारा 44-45 ला जातो, त्यात हे झाड तगेल का? सावली करावी तर फुलं उमलणार नाहीत. फार जीव लावलाय या वाफ्याला, कृपया सांगा.

धुळ्याहून उत्तर:

ताई, हे दुखणं पाण्याचं आहे. गझानिया मूळचा दक्षिण आफ्रिकेचा, त्याला निचरा लागतो. गुलाबाचं पाणी त्याला झेपत नाही. ठिबकची ती नळी आजच बंद करा. कुजलेली रोपं मातीसकट काढून टाका, खतखड्ड्यात नको. चांगली रोपं संध्याकाळी मातीच्या गड्ड्यासह उचला. काळ्या मातीत बारीक मुरूम आणि जाड वाळू भरपूर मिसळून वीतभर उंच गादीवाफा करा, त्यावर लावा. बूड मातीत गाडू नका, किंचित वर राहू द्या. सध्याची फुलं, कळ्या खुडा. मुळं धरली की पुन्हा येतील. पुढचं पाणी वरची माती सुकल्यावरच, तेही सकाळी. शेणखत बेताचं, नाहीतर नुसता पाला माजतो.

मे महिन्यापेक्षा पावसाळ्याला जास्त जपा. निरोगी झुपक्याचे बुडाकडचे फुटवे आत्ताच कुंडीत लावून ठेवा. उन्हाळ्यात कुंडीला सकाळचं ऊन पुरे, पावसात ती पत्र्याखाली घ्या. बीही धरा, कापसासारखं फुललं की वाऱ्याआधी वेचायचं, पेरणी सप्टेंबर-ऑक्टोबरात. संकरित वाण असेल तर रंग मात्र तोच येईल असं नाही.

चोपड्याहून:

दादा, नळी बंद केली. मुरूम उद्या येतोय. वाफा उन्हात आहे पण भिंतीला लागून, दुपारी भिंत चांगलीच तापते. गादीवाफा तिथेच करू की भिंतीपासून लांब?