५ १/४ − २ २/३ : एक मोडायचा कसा?

प्रश्न: मुलीला शिकवतोय. छेद १२ केल्यावर ५ ३/१२ − २ ८/१२ होतं. तीनातून आठ जात नाहीत, म्हणून ती सरळ आठातून तीन वजा करते. कसं समजावू?

उत्तर: पाचातला एक मोडायला सांगा. तो एक म्हणजे १२/१२, दहा नव्हे. हे आधी पटू द्या. मग ४ १५/१२ − २ ८/१२ = २ ७/१२.

दुसरं उत्तर: मी दोन्ही संख्यांत १/३ मिळवायला लावते. फरक तोच राहतो. ५ ७/१२ − ३, झालं! संख्यारेषेवर ते अंतर अख्खं सरकताना मुलांना दिसतं, म्हणून मला ही रीत फार आवडते.

प्रश्नकर्ता: ती विचारतेय, दोन्हीतून २/३ काढले तर?

दुसरं उत्तर: किती छान प्रश्न! ४ ७/१२ − २, उत्तर तेच. फक्त तिथे एक मोडावाच लागतो.