रिसेप्शनची बैठकव्यवस्था आणि ताटाच्या निवडीची कार्डं: मेळ कसा घालायचा?

घाईगर्दी:
रिसेप्शनला १६८ पाहुणे धरलेत. बुफे नाही, जागेवर वाढणार. पर्याय तीन: शाकाहारी, मांसाहारी आणि लहान मुलांचं ताट. उत्तराची कार्डं (येणार का आणि कोणतं ताट, हे पाहुण्यांनी भरून परत पाठवायची) निमंत्रणासोबत जायची आहेत, अजून छापायला दिलेली नाहीत. टेबलं ५ फुटी गोल. एकेकाला १० जण बसतात असं हॉलवाले म्हणतात. मग १७ टेबलं पुरतील ना? पाहुण्यांना नुसता टेबल नंबर द्यावा की खुर्चीही ठरवावी? आणि कोणाला कुठलं ताट, हे वाढणाऱ्याला कळणार कसं?

चौकट_आखणारा:
१० बसतात, पण जेवत नाहीत. ५ फुटी टेबलाचा घेर साधारण १८८ इंच. माणशी २४ इंच लागतात, म्हणजे ८ जण झाले की टेबल भरलं. १० बसवले तर माणशी १९ इंचही येत नाहीत. खुर्च्या एकमेकींना घासतात आणि वाढणाऱ्याचा हात मध्ये शिरत नाही. दहाच बसवायचे असतील तर ६ फुटी टेबलं मागा.

८ प्रमाणे १६८ म्हणजे बरोबर २१ टेबलं, आणि हे 'बरोबर'च घातक आहे. पाच जणांचं कुटुंब आणि चौघांचं कुटुंब एका टेबलावर मावत नाही, म्हणजे कुठेतरी फोडाफोड आलीच. २२ किंवा २३ टेबलं घ्या आणि काहींवर सातच बसवा.

दोन टेबलांच्या कडांमध्ये ५ फूट सोडा. दोन्हीकडच्या ओढलेल्या खुर्च्या दीड-दीड फूट खातात, उरलेल्या २ फुटांतून ट्रे घेऊन माणूस जातो. म्हणजे एका टेबलाला १० बाय १० फुटांचा चौकोन, २२ टेबलांना २,२०० चौरस फूट. स्टेज आणि दरवाजासमोरची मोकळी जागा वेगळी. व्हीलचेअरवर येणारं कोणी असेल तर त्या जागची खुर्ची आधीच काढून ठेवा आणि दारापासून तिथपर्यंत ३ फुटांची वाट सलग मोकळी राहू द्या. वयस्कर मंडळींना स्पीकरपासून लांब बसवा. बाळाची उंच खुर्ची टेबलाच्या घेरात नीट बसत नाही, वाटेत येते, म्हणून ते टेबल कडेला ठेवा.

रकाना_क्र_७:
उत्तराची कार्डं छापली नाहीत हे उत्तम, कारण निम्मे घोळ तिथेच जन्मतात. 'शाकाहारी __ मांसाहारी __' अशा मोकळ्या जागा ठेवल्या की लोक '२' आणि '१' लिहून पाठवतात. आता तिघांपैकी शाकाहारी कोण? स्वयंपाकघराला आकडा पुरतो, वाढणाऱ्याला माणूस लागतो. म्हणून कार्डावर प्रत्येकाच्या नावाची ओळ आणि तिच्यापुढे तीन चौकटी छापा. ॲलर्जीसाठी वेगळी ओळ ठेवा. शिवाय प्रत्येक कार्डामागे पेन्सिलीने बारीक क्रमांक टाका आणि तोच यादीत लिहा. नाव न लिहिता आलेली कार्डं हमखास असतात, तेव्हा हा क्रमांकच वाचवतो.

स्प्रेडशीटमध्ये एका माणसाला एक ओळ. 'अमुक आणि कुटुंब (४)' अशी ओळ चालणार नाही. रकाने: कार्ड क्रमांक, आडनाव, नाव, येणार की नाही, ताट, ॲलर्जी, टेबल. बसण्याची यादी आणि जेवणाची यादी वेगळ्या फायलींत ठेवू नका. एखाद्याचं टेबल बदललं की एकीत बदलतं, दुसरीत राहून जातं.

ताटाच्या रकान्यात हाताने टाइप करू नका, ड्रॉपडाउन लावा. 'मांसाहारी', 'मासाहारी' आणि शेवटी स्पेस पडलेलं 'मांसाहारी ' हे संगणकाला तीन वेगळे शब्द वाटतात, आणि काउंटइफ्स (COUNTIFS) या मोजणीच्या सूत्राने काढलेली टेबलनिहाय बेरीज गुपचूप कमी येते. शाकाहारी, मांसाहारी आणि मुलांच्या ताटांची बेरीज 'येणार' म्हणणाऱ्यांइतकी आली पाहिजे. एकाचाही फरक पडला तर चूक शोधल्याशिवाय पुढे जाऊ नका.

उत्तराची मुदत समारंभाच्या ४ आठवडे आधीची ठेवा. त्यानंतरचा एक आठवडा उत्तर न आलेल्यांना फोन करण्यातच जातो.

घाईगर्दी:
म्हणजे २२ टेबलं नक्की. दारात नावांचा एक मोठा फलक लावला तर प्रत्येकाच्या नावाच्या वेगळ्या कार्डांचा खर्च वाचेल का?

घडी_आणि_कातर:
बुफे असता तर फलकाने भागलं असतं. तुमच्याकडे नाही, कारण फलक भिंतीवरच राहतो आणि ताटाची निवड माणसासोबत टेबलापर्यंत जायला हवी. दोन मार्ग आहेत. एक: दारात प्रत्येकाच्या नावाचं कार्ड, त्यावर टेबल नंबर आणि ताटाची खूण, पाहुणा ते घेऊन जातो आणि बसेल तिथे समोर ठेवतो. दोन: दारात फलक आणि प्रत्येक खुर्चीसमोर आधीच मांडलेलं कार्ड. पहिल्यात खुर्ची ठरवावी लागत नाही, ऐन वेळच्या अदलाबदलीही पचतात. मात्र काही जण कार्ड खिशात घालतात, म्हणून 'हे कार्ड टेबलावर समोर ठेवा' अशी ओळ छापाच. १६८ जणांना मी पहिलाच मार्ग सुचवेन.

खूण नुसत्या रंगाची नको. मंद पिवळ्या दिव्यात हिरवा आणि निळा सारखेच दिसतात, आणि लाल-हिरव्यातला फरक काहींना मुळातच दिसत नाही. आकार वापरा: गोल, त्रिकोण, चौकोन, किमान ८ मिलिमीटरचे. तंबूसारखं उभं कार्ड असेल तर खूण दोन्ही बाजूंना हवी. वाढणारा पाहुण्याच्या मागून येतो, त्याला पाहुण्याकडची बाजू दिसते.

कागद २५० ते ३०० जीएसएम (एका चौरस मीटर कागदाचं ग्रॅममधलं वजन), चकचकीत नको, नाहीतर पेनची शाई पुसली जाते. ९० बाय ९० मिलिमीटरचे तुकडे घडी घालून अर्धे केले तर एका ए४ मधून ६ निघतात; १६८ ना २८ कागद. शिवाय ३ कागद कोरे ठेवा. घडीच्या रेषेवर बोथट टोकाने आधी खाच पाडा, तशीच दुमडली तर जाड कागदाची कड फाटते.

दारात कार्डं टेबलनिहाय नाही, आडनावाच्या अकारविल्ह्याने मांडा. पाहुण्याला टेबल नंबर माहीतच नसतो. इथे एक गंमत होते. संगणक 'क्ष' आणि 'ज्ञ' बरेचदा 'क' आणि 'ज' मध्ये घुसवतो, माणसं मात्र ती शेवटी शोधतात. क्षीरसागर आणि ज्ञाते हाताने शेवटी हलवा.

वाढपाची_बाजू:
केटररला पूर्ण यादी पाठवू नका, ती गर्दीत कोणी वाचत नाही. टेबलामागे एक ओळ द्या: 'टेबल ९: शाकाहारी ४, मांसाहारी ३, मुलं १'. ॲलर्जीचा कागद वेगळा, नाव आणि टेबलासह, थेट मुख्य आचाऱ्याच्या हातात. ॲलर्जी फक्त कार्डावरच्या खुणेवर सोडू नका. टेबलांना फुलांची नावं देणार असाल तर सोबत नंबरही ठेवा. ट्रे घेतलेल्या माणसाला 'मोगरा कुठे?' असं विचारत फिरायला लावू नका.

फोटोग्राफर आणि वादक १६८ मध्ये धरलेत का? बहुतेक नसतात, त्यांची ताटं वेगळी सांगा. जादा ताटं शंभरामागे ३ ते ५ पुरतात, आणि ती शाकाहारी ठेवा, कारण ती बहुतेकांना चालतात.

घाईगर्दी:
फोटोग्राफर खरंच धरले नव्हते. आणि उत्तरच पाठवलं नाही पण येऊन उभे राहिले, त्यांचं काय?

रकाना_क्र_७:
त्यासाठीच सात-सातची टेबलं. दारातल्या माणसाकडे अशा रिकाम्या जागांची चिठ्ठी, कोरी कार्डं आणि पेन द्या. त्याने कार्डावर नाव, टेबल आणि खूण लिहायची, आणि तेवढाच बदल लगेच वाढणाऱ्यांच्या प्रमुखाला कळवायचा.