पत्राने लय तुटत नाही

'चला हवा येऊ द्या' या टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमात पोस्टमन पत्र वाचायचा, त्यामुळे हसण्याची लय तुटायची, हे मत मला पटलं नाही. उलट आधी हसून मन मोकळं झालेलं असायचं, म्हणूनच ही पत्रं लिहिणाऱ्या अरविंद जगतापांचे शब्द थेट आत पोचायचे. पोस्टमन झालेला सागर कारंडे रडवायला बघायचा नाही, नुसतं पत्र वाचायचा. इंदूरला आमच्या राजवाड्यामागच्या घरात आजी तेवढ्यापुरतं तांदूळ निवडणं थांबवायची, आम्हालाही चूप बसवायची. शेतकऱ्याचा विषय निघाला की तिला खानदेशातलं माहेर आठवायचं.

आणि त्याच कार्यक्रमातल्या भारत गणेशपुरेंची वऱ्हाडी! आमच्या हिंदी मिसळलेल्या मराठीला पुण्याचे पाहुणे नावं ठेवायचे. पडद्यावर वऱ्हाडी अशी दिमाखात बोललेली ऐकून मला फार बळ आलं.