मदत हवी आहे: नागपूरच्या रात्रीच्या टपाल विमानांचं लोडशीट (विमानात भरलेल्या वजनाचा तक्ता) कसं वाचायचं?

१९४९ पासून मुंबई, दिल्ली, कलकत्ता आणि मद्रासहून निघालेली विमानं मध्यरात्री नागपूरला सोनेगाव विमानतळावर उतरायची, टपालाच्या थैल्या आणि पॅसेंजर यांची अदलाबदल व्हायची आणि पहाटेपर्यंत जो तो आपापल्या गावी परत, हे बऱ्याच जणांना माहीत असेल.

आजोबा तिथे नाइट ड्युटीला होते, त्यांची १९५४ची एक वही सापडलीय. पानावर चार शहरांचे चार रकाने, खाली थैल्या नि पॅसेंजरांची वजनं पौंडात, बेरीज, आणि बेरजेखाली एक छोटा आकडा, कधी अधिक कधी वजा. बेरजा मी तपासल्या, बरोबर आहेत (आजोबांचं गणित, चुकणार कसं!), पण तो छोटा आकडा कशातूनच निघत नाही. फरक, टक्केवारी सगळं करून बघितलं. माझा अंदाज, तो ट्रिमचा (म्हणजे विमानाच्या पुढच्या-मागच्या वजनाच्या तोलाचा) असावा, कारण डाकोटा विमानात सामान कॉकपिटमागेही आणि शेपटीकडेही ठेवायचे, पण वहीत पुढचं-मागचं वेगळं लिहिलेलंच नाहीये.

विमानाचा नंबर कुठेच नाही, हे आधीच सांगतो. घरात आता विचारायला कोणी नाही. नागपूर-मुंबईत कुठे जाऊन कागद बघावे लागले तर जाईन, दिल्लीला सध्या जमणार नाही.

जुन्या एअरलाइनमध्ये ट्रॅफिक किंवा लोडिंगला काम केलेलं कोणी आहे का इथे? हा आकडा ट्रिम इंडेक्सच (तो तोल दाखवणारा आकडा) का, आणि असेल तर डाकोटासाठी तो काढायचा कसा?