कंपन्यांचा माग काढणारी पत्रकारिता: सुरुवात जिल्ह्यातून की मुंबईतून?

बालाघाटकर: कारखाने आणि बड्या कंपन्यांवर काम करायचं म्हणून नवी पोरं थेट मुंबई गाठतात. माझ्या मते पहिली चार-पाच वर्षं बीड, लातूर, धाराशिवलाच काढावीत. कागद जन्माला येतो तो इथंच. पवनचक्कीच्या कंपनीनं जमीन घेतली की इंडेक्स-२ वर, म्हणजे नोंदणी झालेल्या दस्ताच्या गोषवाऱ्यावर, खरेदीदार दिसतो. तिथून सातबारा, सातबाऱ्यावरून फेरफाराची नक्कल. मग कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या पोर्टलवर १०० रुपये भरून त्या कंपनीचे कागद उघडायचे. एमजीटी-७ (कंपनीचं वार्षिक विवरणपत्र) मधली भागधारकांची यादी जोडपत्रात असते, तीच बघायची राहून जाते. एओसी-४ (वार्षिक हिशेबांचा फॉर्म) मध्ये नुसता नफा-तोटा बघू नका, ताळेबंदाखालच्या टिपांमधले ‘संबंधित पक्षांशी व्यवहार’ वाचा. पैसा घरातल्याच दुसऱ्या कंपनीत वळवलेला असला तर तिथं सापडतो. आणि नावावर भरवसा नको. एकाच नावाचे दोन पाटील प्रत्येक तालुक्यात असतात. डीआयएन, म्हणजे संचालकाचा ओळख क्रमांक, जुळल्याशिवाय बातमीत नाव घालू नका.

मांजराकाठ: कागद मिळतील हो, छापणार कोण? तालुक्याच्या वार्ताहराला बहुतेक ठिकाणी पगार नाही, जाहिरातीवर कमिशन. बॉयलर अग्निप्रदीपन, मोळीपूजन, चेअरमनचा वाढदिवस, तिन्ही जाहिराती ज्या साखर कारखान्याच्या, त्याच्याच विरोधात त्यानं लिहायचं? २००९ च्या विधानसभा निवडणुकीतल्या पेड न्यूजवर (पैसे घेऊन छापलेल्या बातम्यांवर) पत्रकार पी. साईनाथ यांनी लिहिलं तेव्हा हाच सांगाडा उघडा पडला होता. वर अब्रूनुकसानीचा खटला. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ मध्ये शिक्षा दोन वर्षांपर्यंत आहे, पण माणूस खचतो तो तारखांनी. पोरांनी आधी अशा ठिकाणी शिकावं जिथं बातमीचा मजकूर वकिलाच्या नजरेखालून जाते.

तेरणेचं पाणी: बालाघाटकरांशी सहमत, पण उसाचं उदाहरण घ्या. १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशाप्रमाणे ऊस घातल्यापासून १४ दिवसांत शेतकऱ्याला पैसे, उशीर झाला तर १५ टक्के व्याज. व्याज दिलं का, हे फारसं कुणी विचारत नाही. सहकारी कारखान्याकडं माहिती अधिकाराचा अर्ज टाकून बसू नका. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या निकालानं सहकारी संस्था सरसकट या कायद्याखाली येत नाहीत. अर्ज जिल्हाधिकारी कार्यालयात टाका: साखर आयुक्तांकडून आलेल्या आरआरसीची (थकीत रक्कम महसुली थकबाकीसारखी वसूल करण्याच्या दाखल्याची) प्रत आणि त्यावरच्या कारवाईची नस्ती. फी १० रुपये, विषय एकच, मजकूर १५० शब्दांच्या आत. ‘पैसे का थकले?’ असं विचारलंत की अर्ज गेलाच. ‘का’ला उत्तर देणं त्यांना बंधनकारक नाही, कागद देणं आहे.

मांजराकाठ: आणि ‘व्यापारी गुपित’ म्हणून माहिती अधिकार कायद्याचं कलम ८(१)(घ) लावलं की? ३० दिवस, मग पहिलं अपील, मग राज्य माहिती आयोगाच्या संभाजीनगर खंडपीठापुढं दुसरं. तोवर गळीत हंगाम उरकलेला असतो.

बालाघाटकर: म्हणून तर एकाच अर्जावर बातमी टांगू नये. वसुलीची आरआरसी हे व्यापारी गुपित कसं, हे अपिलात त्यांनाच सिद्ध करावं लागतं. खटल्याचं म्हणाल तर, छापण्याआधी कंपनीला क्रमांक घालून लेखी प्रश्न पाठवा, मुदत द्या, पोचपावती जपा. उत्तर आलं तर बातमीत घाला. पुढं कोर्टात हीच पावती कामी येते.

मांजराकाठ: पावती कोर्टात कामी येईल, पण तिथवर वकिलाची फी कोण भरणार? मालकानं हात वर केले की वार्ताहर एकटा पडतो. नेमणुकीच्या पत्रात ‘कायदेशीर खर्च संस्था करेल’ ही ओळ लिहून घेतल्याशिवाय कुणीही या कामाला हात घालू नये, आणि आपल्याकडं किती जणांच्या हातात नेमणुकीचं पत्र आहे ते आधी सांगा.