मदत हवी आहे: फळ्यावरच्या सुविचारांचे मूळ कसे शोधावे?

नमस्कार मंडळी. आमच्या वाचनालयाच्या दाराशी सुविचाराचा फळा आहे. महिनाभर वेगवेगळ्या धर्मांतली वचने लिहायची, असं मीच हौसेने सुचवलं. आता निस्तरतेय!

पहिल्याच आठवड्यात ‘हे प्रभो, मला तुझ्या शांतीचे साधन बनव’ ही प्रार्थना संत फ्रान्सिसच्या नावाने लिहिली. एका जुन्या सभासद काकांनी हळूच सांगितलं, की ती 1912 साली पॅरिसच्या एका छोट्या मासिकात पहिल्यांदा छापली गेली, तीही निनावी. फ्रान्सिस तर 1226 सालीच गेले. तेव्हापासून व्हॉट्सॲपवरचं काहीही लिहायला हात धजत नाही.

खात्रीचं थोडं जमलंय: ‘जे स्वतःला नको, ते दुसऱ्याला करू नका’ हे कन्फ्यूशियसचं, जैनांच्या तत्त्वार्थसूत्र या ग्रंथातलं ‘परस्परोपग्रहो जीवानाम्’ (जीवांनी एकमेकांना साहाय्य करावं), पारशी मंडळींचं सद्विचार, सद्वचन, सत्कर्म. आणि आपला तुकोबा आहेच.

अडलंय ते दोन ठिकाणी. गुरू ग्रंथ साहिबमध्ये नामदेवांची 61 पदं आहेत. त्यांचा सोप्या मराठीतला, अर्थ न वाकवणारा अनुवाद कुठे मिळेल? आणि सूफी वचनं? सूफी कवी रूमीच्या नावावर इतकं काही फिरतं, की मूळ फारसीतलं कोणतं ते कळत नाही. फारसी जाणणारं कुणी आहे का इथे? दोन ओळींच्या वर फळ्यावर मावत नाही, तेवढं लक्षात ठेवा.